मागून धडकला, म्हणजे चूक त्याचीच?

"माझे मिस्टर, वय ३७, वायरिंगची कामं करायचे. चार महिन्यांपूर्वी रात्री साडेदहाच्या सुमारास कामावरून येताना त्यांची मोटरसायकल रस्त्यात उभ्या असलेल्या ट्रकवर मागून आदळली. ते जागीच गेले. मागे बसलेल्या मित्राचा पाय मोडला. मित्र सांगतो, ट्रक पंक्चर होऊन तसाच डांबरी रस्त्यावर उभा होता, एकही दिवा चालू नव्हता, आणि नेमका त्याच वेळी समोरच्या गाडीचा झोत डोळ्यांवर आला. पण एफआयआरमध्ये लिहिलंय की ते हयगयीने, भरधाव गाडी चालवून स्वतःच्या मरणास कारणीभूत झाले. हेल्मेट घातलेलं नव्हतं. ट्रकमालकाचा माणूस दोनदा घरी येऊन गेला. तीन लाख देतो, स्टॅम्पपेपरवर सही करा म्हणतो. दीर म्हणतात, चूक आपल्याच माणसाची, मिळतंय ते घ्या. इन्कम टॅक्स कधी भरला नव्हता, पण महिन्याला वीसेक हजार घरात यायचे. दोन मुलं आहेत, नऊ आणि पाच वर्षांची. सासूबाई माझ्याजवळच असतात. क्लेम टाकला तर काही मिळेल का? की नवऱ्याच्या मरणाचे पैसे करते असं लोक म्हणतील?"
(नाव न छापण्याची विनंती)

ताई,

स्टॅम्पपेपरवर सही करू नका. बाकीचं सगळं सावकाश वाचलंत तरी चालेल, पण हे आधी.

दुसरी गोष्ट तारखेची. मोटार वाहन कायद्याच्या कलम १६६ खाली नुकसानभरपाईचा अर्ज अपघातापासून सहा महिन्यांच्या आत करायचा असतो. मधली बरीच वर्षं ही अट नव्हती. १९९४ साली ती काढून टाकली होती, २०१९च्या दुरुस्तीनं परत आणली आणि १ एप्रिल २०२२ पासून ती लागू झाली. त्यामुळे "अहो, क्लेम कधीही टाकता येतो" असं सांगणारे जुने जाणकार अजून भेटतील. या मुदतीला न्यायालयात आव्हान दिलं गेलं आहे, पण त्या भरवशावर आपण कशाला राहायचं? तुमच्या हातात दोन महिने आहेत. अर्ज अपघात झाला तिथेच करावा लागतो असंही नाही. तुम्ही राहता त्या भागाच्या मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात करता येतो.

आता एफआयआर. तुमच्या पत्रात तो शब्द इतक्या वेळा खोडून पुन्हा लिहिलेला दिसला की तुमचा जीव कुठे अडकलाय ते कळलं. एफआयआर म्हणजे निकाल नव्हे. पोलिसांना पहिल्या काही तासांत जे दिसलं, जे कुणी सांगितलं, त्याची ती नोंद. रात्रीच्या अपघातात गेलेला माणूस बोलू शकत नाही, मागे बसलेला दवाखान्यात असतो. उरतो तो ट्रकवाला. मग कागदावर कुणाची बाजू येणार? शिवाय गुन्हा मयतावरच नोंदवला की पोलिसांचं कामही आटोपतं, कारण ज्याच्यावर खटला चालवायचा तोच हयात नसतो. हे प्रत्येक वेळी कुणी मुद्दाम करतं असं मी म्हणत नाही. पण असे कागद मी इतके पाहिलेत की आता आश्चर्य वाटत नाही.

न्यायाधिकरण एफआयआर बघतं, पण त्यापुढे मान तुकवत नाही. फौजदारी खटल्यात गुन्हा निःसंशय सिद्ध करावा लागतो. इथे तसं नाही. दोन्ही बाजूंचं ऐकून जास्त संभव कोणत्या बाजूचा वाटतो, एवढंच पाहतात. सर्वोच्च न्यायालयानं हे अनेकदा सांगितलं आहे. त्यामुळे पोलिसांनी तुमच्या यजमानांवर बोट ठेवलं म्हणून दार बंद झालेलं नाही. फक्त ते ढकलायला जोर जास्त लागेल, आणि तो जोर कागदांतून येतो.

सगळ्यात महत्त्वाचा कागद म्हणजे घटनास्थळाचा पंचनामा. पीएम रिपोर्ट (शवविच्छेदनाचा अहवाल) लोक जपून ठेवतात, एफआयआर पाठ करतात, पंचनाम्याकडे मात्र कुणी वळून पाहत नाही. तुम्ही तो ओळ न ओळ वाचा. ट्रक डांबरावर होता की साइडपट्टीवर? किती चाकं रस्त्यावर होती? रस्ता किती रुंद आणि ट्रकच्या बाजूनं मोकळी जागा किती उरली होती? ट्रकमागे दगड, फांद्या, त्रिकोणी रिफ्लेक्टर असं काही ठेवल्याची नोंद आहे का? पार्किंग लाइट, रिफ्लेक्टर पट्टी, रस्त्यावरचा दिवा यांबद्दल काय लिहिलंय? ब्रेकच्या खुणा आहेत का, असतील तर किती लांब? ट्रक बाजूला घेऊन दिवे लावायला जागा होती आणि तरी तो तसाच सोडला, असं यातून दिसलं, तर तुमचा अर्धा दावा तिथेच उभा राहतो. आरटीओच्या निरीक्षकानं दोन्ही गाड्या तपासल्याचा अहवालही काढा. टेललाइट मुळातच बंद होता की धडकेनं फुटला, हे बऱ्याचदा त्यात सापडतं.

आता तुमच्या दिरांचं म्हणणं. मागून धडकला त्याची चूक, हे आपल्याकडे पारावर बसून सांगायचं वाक्य आहे. कायद्यात असा सरसकट नियम नाही. पुढे चालणाऱ्या गाडीपासून अंतर राखणं मागच्याचं काम, हे खरंच. पण रात्री काळोखात, दिवा न लावता रस्त्यात उभी केलेली गाडी ही 'पुढची गाडी' नसते, तो अडथळा असतो. मोटार वाहन कायद्याचं कलम १२२ सांगतं की इतरांना धोका होईल अशा जागी किंवा अशा स्थितीत वाहन उभं ठेवायचं नाही. ट्रक थांबलेला होता, चालूच नव्हता, मग 'वापर' कसला, असा युक्तिवाद पूर्वी व्हायचा. तो आपल्याच महाराष्ट्रातल्या एका प्रकरणात मिटला. १९८७ साली राष्ट्रीय महामार्गावर पेट्रोलचा टँकर पहाटे ट्रकशी धडकून उलटला, आणि काही तासांनी गळलेल्या पेट्रोलचा भडका उडून जमलेली माणसं दगावली. टँकर तेव्हा निपचित पडला होता. तरी १९९१ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं म्हटलं की मोटार वाहनाच्या 'वापरा'चा अर्थ व्यापक घ्यायचा, थांबलेलं वाहनही त्यात येतं.

तुमच्या प्रकरणाशी आणखी जवळचा निकाल २०१८चा आहे. गॅसचा टँकर रात्री दिवे न लावता रस्त्यात उभा, समोरून येणाऱ्या गाड्यांचा झोत डोळ्यांवर, आणि मोटार मागून आदळली. उच्च न्यायालयानं निम्मी चूक मोटारचालकावर टाकली होती. सर्वोच्च न्यायालयानं ती काढून टाकली. २०२४ मध्येही, महामार्गात सोडून दिलेल्या एका मोठ्या ट्रकच्या प्रकरणात, मागून धडकणाऱ्यावर लादलेली निम्मी जबाबदारी सर्वोच्च न्यायालयानं रद्द केली. तुमच्या वकिलांना हे दोन्ही निकाल काढायला सांगा. त्यांना ते ठाऊक असायला हवेत, नसतील तर तोही एक इशाराच समजा.

पण ताई, मी तुम्हाला नुसतं गोड सांगणार नाही. विमा कंपनीचा वकील उभा राहून विचारणारच, समोरचं दिसत नव्हतं तर गाडी हळू का नाही केली? हा प्रश्न खोटा नाही. यातून 'कॉन्ट्रिब्युटरी नेग्लिजन्स' ठरू शकतो, म्हणजे मरण पावलेल्या माणसाचाही चुकीत वाटा. २० टक्के, ३० टक्के, कधी निम्मा. जेवढा वाटा ठरेल तेवढी रक्कम कापली जाते. कापली जाते, पूर्ण बुडत नाही. चूक एकतर ह्याची नाहीतर त्याची, असं घरात बोलतात. न्यायाधिकरणात ती वाटली जाते. आणि हा वाटा विमा कंपनीनं पुराव्यानिशी दाखवावा लागतो, नुसतं म्हणून भागत नाही.

हेल्मेटचंही तसंच. घातलं नव्हतं हा दंडाचा विषय झाला. भरपाईत विचारायचं ते असं की हेल्मेट नसल्यामुळे मरण आलं का? पीएम रिपोर्टमध्ये 'मृत्यूचं कारण' असा रकाना असतो. तिथे छाती-पोटाची इजा लिहिली असेल तर हेल्मेटचा मुद्दा तिथेच लंगडा पडतो. डोक्याची इजा असेल तर कंपनी तो धरून बसेल आणि थोडी कपात होऊ शकते. तुम्ही हे मला कळवलेलं नाही, म्हणून दोन्ही सांगितलं. आणखी एक, नाजूक पण विचारायलाच हवं असं. त्या रात्री त्यांनी घेतली होती का? असेल तर वकिलापासून लपवू नका. कंपनीला ते कागदांतून कळेलच, आणि वकिलाला ते पहिल्यांदा भर कोर्टात कळणं फार वाईट.

ते मित्र आहेत ना पाय मोडलेले, त्यांच्याकडे उद्याच जा. तुमच्या दाव्याचा ते कणा आहेत. पोलिसांनी त्यांचा जबाब घेतलाय का, घेतला असेल तर त्यात दिव्यांचा उल्लेख आहे का, ते पाहा. घेतलाच नसेल तर त्यांनी पोलीस ठाण्यात लेखी अर्ज द्यावा आणि पोच घ्यावी. दखल घेतली नाही तर तोच अर्ज पोलीस अधीक्षकांना रजिस्टर्ड पोस्टानं. या सगळ्यानं एफआयआर बदलेलच असं नाही, पण मित्रानं पहिल्यापासून हेच सांगितलं होतं, ही नोंद राहते. नाहीतर दोन वर्षांनी उलटतपासणीत 'आज मयताच्या बायकोसाठी बनवून सांगताय' हे वाक्य येणार, लिहून ठेवा. त्यांना स्वतःचाही दावा करता येतो हे त्यांना सांगा. मागे बसलेल्या माणसाच्या हातात हँडल नसतं, त्यामुळे चालकाच्या चुकीचा वाटा त्याच्या रकमेतून कापत नाहीत. त्याला दोन्ही गाड्यांपैकी कोणाकडूनही पूर्ण भरपाई मागता येते. पण तुम्ही दोघं एकमेकांविरुद्ध उभं राहणार नाही याची काळजी दोन्ही वकिलांनी आधी बसून घ्यावी. मागे बसलेल्या मित्रानं मोटरसायकलच्या विमा कंपनीवर दावा केला म्हणून घरोबा तुटलेला मी पाहिला आहे. त्याची गरज नसते, पॉलिसीत मागे बसणाऱ्याचं संरक्षण असेल तर पैसे कंपनीचे असतात.

पैशांकडे येते. तीन लाख कमी की जास्त, हे कळायला हिशेब कसा करतात ते माहीत हवं. सर्वोच्च न्यायालयाच्या २००९च्या सरला वर्मा आणि २०१७च्या प्रणय सेठी या निकालांनी तो बराचसा ठरवून दिलाय. ही दोन नावं तुम्हाला वकिलांच्या टेबलावर वारंवार ऐकू येतील. तुमच्या यजमानांचं उत्पन्न वीस हजार मानलं, समजा. ते चाळिशीच्या आतले आणि स्वतःचा धंदा करणारे, म्हणून पुढे कमाई वाढली असती यासाठी ४० टक्के मिळवायचे, झाले अठ्ठावीस हजार. मागे चौघं अवलंबून, तुम्ही, दोन मुलं, सासूबाई. म्हणून त्यांचा स्वतःचा खर्च एक चतुर्थांश वजा, उरले एकवीस हजार. वर्षाचे दोन लाख बावन्न हजार. या रकमेला वयानुसार ठरलेल्या आकड्यानं, म्हणजे गुणकानं, गुणतात; ३६ ते ४० वयाला गुणक १५. म्हणजे ३७ लाख ८० हजार. त्यावर अंत्यविधीचा खर्च, वारसांना मुकावी लागलेली मिळकत ('लॉस ऑफ इस्टेट') आणि प्रत्येकाच्या वाट्याला आलेल्या विरहापोटी ठरावीक रकमा. २०१७ साली त्या १५ हजार, १५ हजार आणि ४० हजार होत्या, दर तीन वर्षांनी १० टक्क्यांनी वाढतात. चौघांचं धरून दोनेक लाख होतात. एकूण चाळीस लाखांच्या आसपास. यातून ३० टक्के चूक तुमच्या यजमानांची ठरली तरी अठ्ठावीस लाख उरतात, आणि अर्जाच्या तारखेपासून व्याजही लावतात.

आता त्या तीन लाखांकडे पुन्हा बघा.

हिशेबातली कच्ची वीट म्हणजे ते वीस हजार. कंपनी म्हणणार, पुरावा काय? रिटर्न भरलं नव्हतं म्हणून उत्पन्न शून्य धरत नाहीत. वायरमनचा परवाना असेल तर तो काढा. फोनवरून आलेल्या पैशांचे बँक स्टेटमेंट, इलेक्ट्रिकच्या दुकानातून त्यांच्या नावानं झालेली खरेदी, कामाच्या वह्या, ज्यांच्या घरचं-दुकानाचं काम केलं त्यांतले दोघे-तिघे साक्षीला येतील का, गाडीचा हप्ता कुठून जायचा, शाळेची फी कोण भरायचं. वीस हजारांचा पुरावा नसताना तीस हजार सांगायचा मोह मात्र टाळा. एक आकडा फुगवलेला निघाला की बाकीच्या खऱ्या आकड्यांवरही संशय येतो. काहीच नाही मिळालं तर न्यायाधिकरण कुशल कामगाराच्या किमान वेतनाचा आधार घेतं. त्यात रक्कम घटते, पण तीन लाखांवर येत नाही.

चूक सिद्ध न करता मिळणारी एक रक्कमही कायद्यात आहे. कलम १६४ खाली, मृत्यू झाल्यास पाच लाख, निष्काळजीपणा कुणाचा हे न विचारता. विमा कंपनीचा माणूस ही रक्कम देऊ करेल तेव्हा ती मदतीसारखी वाटेल. पण ती स्वीकारली की कलम १६६चा मोठा दावा संपतो. पुरावा अगदीच नसेल, मित्र फिरला, पंचनामा विरोधात गेला, तर पाच लाख हा शहाणा मार्ग ठरू शकतो. आज, सगळे कागद बघण्याआधी, तो नाही.

ट्रकमालक तुमच्या दारात का येतोय, याचाही विचार करा. ट्रकचा विमा चालू असेल तर भरपाई कंपनी देणार, मालकाच्या खिशाला झळ नाही. मग तो तीन लाख पदरचे का देतोय? कदाचित माणुसकी असेल. कदाचित पॉलिसी संपलेली असेल, परमिटमध्ये किंवा ड्रायव्हरच्या लायसन्समध्ये घोळ असेल. पॉलिसीचा आणि गाडीचा तपशील पोलिसांकडून किंवा आरटीओकडून मागायचा तुम्हाला कलम १६० खाली हक्क आहे. लायसन्सचा घोळ असला तरी घाबरू नका, अशा वेळी आधी कंपनीनं तुम्हाला पैसे द्यायचे आणि मग मालकाकडून वसूल करायचे, असे आदेश होतात. विमाच नसेल तर मात्र लढाई थेट मालकाशी, आणि वसुली कष्टाची. तेव्हा तडजोडीचा विचार करू, पण तोही न्यायाधिकरणासमोर. दावा दाखल झाला की मुलांच्या वाट्याची तडजोड न्यायाधिकरणाच्या परवानगीशिवाय करता येत नाही. स्टॅम्पपेपरवर 'आमची काही तक्रार नाही, चूक मयताची होती' असं लिहिलेलं असतं, तीन लाखांची किंमत त्या वाक्याची असते.

एक दुर्लक्षित कोपरा सांगते. यजमानांच्या स्वतःच्या मोटरसायकलची पॉलिसी काढून बघा. गाडी त्यांच्या नावावर असेल, लायसन्स असेल आणि पॉलिसीत मालक-चालकाचा अपघात विमा घेतलेला असेल, तर १५ लाखांचं ते संरक्षण वेगळं आहे. त्यात ट्रकची चूक की त्यांची, हा प्रश्न येत नाही. बँक पासबुकात वर्षाला २० रुपये कापल्याची नोंद दिसली तर ती बहुधा प्रधानमंत्री सुरक्षा विमा योजनेची, तिचे दोन लाख. दोन्हीकडे लगेच लेखी कळवा, उशीर का झाला तेही त्यातच लिहा. ट्रकविरुद्धच्या दाव्यातून अशा विम्याचे किंवा एलआयसीचे पैसे वजा होत नाहीत.

वकिलाबद्दल थोडक्यात. 'मिळालं तर इतके टक्के' असा सौदा वकिलाला करता येत नाही, बार कौन्सिलचे नियम तो मना करतात. दवाखान्याच्या आवारात फिरणारे एजंट तो करतात आणि कोऱ्या चेकवर सह्या घेतात. तुम्ही स्त्री आहात, तेव्हा उत्पन्न कितीही असलं तरी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मागता येतो. जिल्हा न्यायालयाच्या आवारातच त्यांचं कार्यालय असतं. पुढे प्रकरण लोकअदालतीत ठेवलं गेलं, आणि ठेवतातच, तर तिथे मान्य केलेल्या आकड्यावर अपील नसतं हे ध्यानात ठेवून मान हलवा. न्यायाधिकरणाच्या निकालावर ९० दिवसांत उच्च न्यायालयात जाता येतं. सासूबाईंना अर्जदार म्हणून नक्की घ्या. त्यांचा हक्क आहे, आणि त्या बरोबर असल्या की दिरांचाही सूर बदलेल.

लोक काय म्हणतील ते म्हणतील. तुमचे यजमान दरवर्षी गाडीचा थर्ड पार्टी विमा भरत होते ना? तो कुणासाठी होता? त्यांच्या गाडीनं कुणाचं घर बसलं असतं तर त्या घरासाठी. ट्रकच्या हप्त्यात तुमच्या घराची तजवीज तशीच आहे. कायद्यानं हा विमा सक्तीचा केलाय तो एवढ्याचसाठी. तुम्ही कुणाकडे हात पसरत नाही.

शेवटी पत्राच्या कडेला तुम्ही बारीक अक्षरात लिहिलंय की तुमच्या भाच्यानं त्या रात्री मोबाइलवर ट्रकचे तीन-चार फोटो काढले होते, 'पण ते अंधारात नीट आले नाहीत'. ताई, नीट न येणं हाच त्यांचा उपयोग आहे. ट्रकचे दिवे चालू असते तर ते फोटोत दिसले असते. भाच्याला सांगा, फोटो त्याच फोनमध्ये मूळ स्वरूपात राहू दे, कापू नको, उजळ करू नको, फोन विकू नको. फोटो कधी काढला याची वेळ त्यात नोंदलेली असते. वकील त्याच्याकडून प्रमाणपत्र करून घेतील, त्याशिवाय असा पुरावा दाखल होत नाही. तोवर ट्रकमालकाचा माणूस पुन्हा आला तर चहा द्या, आणि वकिलांना विचारून सांगते म्हणा. फोटोंचं त्याला काही बोलू नका.